वाचकांचे प्रश्न : जागतिक क्रमवारीत चारशेवा असलेला फ्रेंच टेनिसपटू पोट कसं भरतो?

रोलाँ गॅरोच्या, म्हणजे फ्रेंच ओपनच्या, पात्रता फेरीत हरून निघून जाणाऱ्या फ्रेंच खेळाडूंचं पुढे काय होतं, अशा आशयाची बरीच पत्रं आली आहेत. त्यातले सारखे प्रश्न एकत्र केले आणि निवडक प्रश्नांना इथे उत्तरं दिली आहेत. आकडे पुरुष एकेरीचे आहेत. जिथे महिलांचे आहेत तिथे तसं म्हटलं आहे.

प्रश्न : बातमीत एखादा फ्रेंच खेळाडू ‘जगात चारशेवा’ असल्याचं वाचतो. हा क्रमांक चांगला की वाईट? आणि तो खेळतो तरी कुठे? टीव्हीवर कधी दिसत नाही.

उत्तर : खेळ म्हणून बघाल तर फार चांगला. धंदा म्हणून बघाल तर तोट्यातला. दोन्ही एकाच वेळी खरं आहे आणि पुढच्या सगळ्या उत्तरांचं मूळ इथेच आहे.

व्यावसायिक टेनिसचे ढोबळ तीन थर आहेत. वर ग्रँड स्लॅम आणि एटीपी (पुरुष व्यावसायिक खेळाडूंची संघटना) टूर. मधे चॅलेंजर स्पर्धा, ज्यांची वर्गवारी ५०, ७५, १००, १२५ आणि १७५ अशी आहे. विजेत्याला तेवढेच गुण मिळतात. खाली आयटीएफच्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाच्या, स्पर्धा, एम १५ आणि एम २५ (एम म्हणजे पुरुषांच्या). चारशेवा खेळाडू मधल्या आणि खालच्या थराच्या सीमेवर असतो. चॅलेंजरच्या मुख्य फेरीत त्याला सहसा थेट जागा मिळत नाही, पात्रता फेरीच्या यादीतही अनेकदा तो ‘अल्टरनेट’ म्हणून, म्हणजे प्रतीक्षा यादीत, ताटकळतो, आणि आयटीएफमध्ये मात्र मानांकित असतो.

एम १५ मध्ये एकूण बक्षीस १५,००० डॉलर. त्यातून एकेरीच्या विजेत्याला २,१६० डॉलर, उपविजेत्याला १,२७२, उपांत्य फेरीत हरणाऱ्याला ७५२, उपांत्यपूर्व फेरीत ४३८, दुसऱ्या फेरीत २५८ आणि पहिल्याच दिवशी हरणाऱ्याला १५६. दुहेरीच्या विजेत्या जोडीला ९३० डॉलर, तेही दोघांत वाटून. गुण म्हणाल तर विजेत्याला १५, उपविजेत्याला ८, मग ४, २, १ आणि पहिल्या फेरीत हरल्यास शून्य. एम २५ जिंकल्यास २५ गुण.

आता हे आकडे रोलाँ गॅरोशी जोडून बघा. मुख्य फेरीत १२८ जण असतात. त्यांपैकी १०४ क्रमवारीवर, १६ पात्रता फेरीतून, ८ वाइल्ड कार्डवर, म्हणजे क्रमवारी न बघता दिलेल्या जागांवर. पात्रता फेरीतही १२८ जण, त्यातले ९ वाइल्ड कार्डवाले. म्हणजे क्रमवारीच्या जोरावर पात्रता फेरी गाठायची तर साधारण २२३ व्या क्रमांकाच्या आत असावं लागतं. दुखापती आणि माघारी धरून यादी २३०-२४० पर्यंत सरकते. तिथे पोचायला वर्षभरात ढोबळमानाने सव्वादोनशे ते अडीचशे गुण लागतात. नुसत्या एम १५ खेळून ते मिळवायचे तर एका वर्षात किमान १५ जेतेपदं हवीत. कुणाच्याही शरीराला ते झेपणारं नाही. उलट एक चॅलेंजर ७५ जिंकली की त्याच्या तिसरा हिस्सा गुण एका आठवड्यात हाती येतात. म्हणून जाणकार प्रशिक्षक खेळाडूला एम १५ मध्ये जिंकण्याची चटक लागू देत नाहीत. तिसऱ्या वर्षीही जो मुख्यतः एम १५ च खेळतो आहे, त्याच्या खेळात किंवा नियोजनात काहीतरी अडलं आहे असं खुशाल समजावं.

प्रश्न : पहिल्या फेरीत हरल्यावर १५६ डॉलर! मग विमानाचं तिकीट कोण काढतं?

उत्तर : तो स्वतः. आणि तरीही फ्रेंच खेळाडू बऱ्याच देशांतल्या समकक्ष खेळाडूंपेक्षा जास्त वर्षं टिकतो. कारण त्याचं घर जागतिक स्पर्धांच्या बक्षिसांवर चालतच नाही, ते चालतं फ्रान्समधल्या क्लबांवर.

आधी खर्चाची बाजू. ट्युनिशियातल्या मोनास्तिरला आठवड्यामागून आठवडा एम १५ स्पर्धा चालतात. फ्रान्समधून तिथे जाणं सोपं, म्हणून फ्रेंच मुलं तिथे बरीच दिसतात. समजा एका आठवड्याचा प्रवास, हॉटेल, जेवण आणि गटिंग (रॅकेटला तारा बसवणं) मिळून ६०० युरो झाले. प्रशिक्षक सोबत नाही असंच धरू, कारण तो असला तर त्याचंही तिकीट आणि खोली आली. मग खर्च निघायला उपांत्य फेरी गाठावी लागते, आणि स्थानिक कर कापला गेला तर तीही पुरत नाही. म्हणून जाणारे एकदम तीन-चार आठवड्यांचा मुक्काम ठोकतात. तिकीट एकदाच, खोली दोघांत वाटून, सरावाला जोडीदार तिथलाच. स्पर्धेच्या नावापुढे ‘अधिक एच’ लिहिलेलं असेल, म्हणजे एम २५ अधिक एच, तर मुख्य फेरीतल्या खेळाडूची राहण्या-जेवणाची सोय आयोजक करतात. अनुभवी खेळाडू बक्षिसाच्या आकड्याआधी ते एक अक्षर शोधतो.

आता कमाई. पहिला आणि सर्वांत भरवशाचा स्रोत म्हणजे आंतरक्लब स्पर्धा, ज्यांना तिकडे ‘अँतेरक्लब’ म्हणतात. फ्रेंच टेनिस महासंघाच्या या सांघिक स्पर्धेत सर्वांत वर प्रो ए आणि प्रो बी, खाली नॅशनल विभाग आणि त्याखाली प्रादेशिक विभाग. वरच्या विभागांतले क्लब चांगल्या खेळाडूला सामन्यागणिक किंवा हंगामाचा ठरलेला मोबदला देतात. शिवाय खोली, कोर्ट, कधी फिजिओ. प्रो ए वर्षाखेरीस खेळली जाते, बाकी विभागांचे सामने वसंतात आणि हिवाळ्याच्या तोंडावर. काही जण जुलै-ऑगस्टमध्ये जर्मनीच्या बुंडेसलिगा या क्लबांच्या टेनिस लीगमध्येही खेळतात. तिथे क्लबांकडे पैसा जास्त, आणि सामने शुक्रवार-रविवारकडे असल्याने मधल्या दिवसांत सराव होतो.

दुसरा स्रोत म्हणजे देशांतर्गत रोख बक्षिसांच्या खुल्या स्पर्धा. त्यांतल्या मोठ्या स्पर्धांची महासंघाने एक साखळी केली आहे, तिचं लघुनाव सीएनजीटी. तिथे एटीपीचा एक गुणही मिळत नाही. पण गाडीने जायचं, शनिवार-रविवारकडे अंतिम फेरी खेळायची, युरोत बक्षीस घेऊन घरी यायचं. चारशेव्या क्रमांकाच्या खेळाडूला पहिल्या एक-दोन फेऱ्यांत फारसा घामही येत नाही.

याखेरीज वयानुसार आणि प्रगतीनुसार महासंघाची मदत, रॅकेटवाल्या कंपनीकडून साहित्य (या पातळीवर रोख रक्कम क्वचितच), आणि आपल्या विभागातला एखादा छोटा प्रायोजक.

एटीपीने २०२४ साली किमान उत्पन्नाची हमी देणारी योजना आणली, तिच्याबद्दलही एका वाचकांनी विचारलं आहे. तीत पहिल्या शंभरातल्यांना वर्षाला ३,००,००० डॉलर, १०१ ते १७५ क्रमांकाला १,५०,००० आणि १७६ ते २५० क्रमांकाला ७५,००० डॉलर अशी हमी ठरली. ठरावीक स्पर्धा खेळूनही कमाई त्याखाली राहिली तर फरक एटीपी भरते. रेघ अडीचशेवर संपते. चारशेव्याला त्यातलं काहीच नाही.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगायला हवी. फ्रान्समधली ही उशी मऊ आहे आणि तिच्यावर झोप लागते. मे महिन्यात क्लबसाठी चार रविवार राखून ठेवले की त्या महिन्यातल्या चॅलेंजरच्या पात्रता फेऱ्या गेल्या. उन्हाळ्यात सीएनजीटीची तीन बक्षिसं खिशात पडतात, पण क्रमवारीत खेळाडू जिथे होता तिथेच राहतो. अशी दोन वर्षं गेली की तो क्लबाचा उत्तम खेळाडू होतो, टूरचा राहत नाही. त्यात कमीपणा काही नाही, फक्त तो निर्णय समजून-उमजून घेतलेला असावा.

प्रश्न : फ्रेंच खेळाडूच्या नावापुढे ‘१५/४’, ‘२/६’, ‘उणे १५’ असे आकडे असतात. हे काय गौडबंगाल?

उत्तर : ती महासंघाची स्वतःची क्रमवारी आहे आणि एटीपीशी तिचा संबंध नाही. नवख्यापासून देशातल्या अव्वल खेळाडूपर्यंत परवानाधारक सगळे एकाच शिडीवर असतात. चौथी श्रेणी ४० पासून ३०/१ पर्यंत. तिसरी ३० पासून १५/१ पर्यंत. दुसरी श्रेणी १५, मग ५/६, ४/६ असं उतरत १/६, नंतर ०, उणे २/६, उणे ४/६ आणि उणे १५. त्याच्या वर अनुक्रमांक मिळालेले खेळाडू आणि पहिली श्रेणी. आकडा जितका खाली, तितका खेळाडू वर.

गुण कुणाला हरवलं त्यावर. बरोबरीच्याला हरवल्यास ६०, एक पायरी वरच्याला ९०, दोन किंवा जास्त पायऱ्या वरच्याला १२०. एक पायरी खालच्याला हरवल्यास ३०, दोन पायऱ्या खालच्याला २०, तीन पायऱ्या खालच्याला १५ आणि त्याहून खालच्याला हरवलं तर काहीच नाही. दुबळ्यांना हरवून वर चढता येत नाही, हा या पद्धतीचा मोठा गुण. आंतरक्लब संघात कोण पहिल्या क्रमांकावर खेळणार आणि त्याचा मोबदला किती, हेही या आकड्यावर ठरतं. म्हणून एटीपीत ५२० वर घसरलेला खेळाडूही आपला फ्रेंच आकडा जपतो.

प्रश्न : रोलाँ गॅरोचं वाइल्ड कार्ड म्हणजे वशिला नव्हे का?

उत्तर : थोडाफार, हो. आठपैकी साधारण दोन वाइल्ड कार्डं ऑस्ट्रेलिया आणि अमेरिकेच्या महासंघांशी देवाणघेवाणीत जातात. ते आपापल्या ग्रँड स्लॅममध्ये फ्रेंच खेळाडूला जागा देतात. उरलेली महासंघ ठरवतो आणि ती जवळपास सगळी फ्रेंच खेळाडूंना मिळतात. निकष छापील नसतात. अलीकडची कामगिरी, वय, दुखापतीतून परतणं आणि मातीच्या कोर्टवरचा खेळ हे बघितलं जातं.

त्याची किंमत पैशांत बघा. २०२५ साली मुख्य फेरीच्या पहिल्या सामन्यात हरणाऱ्याला ७८,००० युरो मिळाले. पात्रतेच्या पहिल्या फेरीत हरणाऱ्याला २१,०००, दुसरीत २९,५००, तिसरीत ४३,०००. एका पात्रता सामन्याचे २१,००० युरो म्हणजे चारशेव्या क्रमांकाच्या खेळाडूचा कित्येक आठवड्यांचा प्रवासखर्च. त्यामुळे एप्रिलमध्ये या लोकांचं वागणं बदलतं. घरच्या मातीवरच्या स्पर्धा निवडल्या जातात, बारीकसारीक दुखणी लपवली जातात. शेवटची गोष्ट अंगाशी येते.

वशिल्याचा आरोप करणाऱ्यांनी महिला एकेरीतल्या लोईस ब्वासाँचं उदाहरणही लक्षात ठेवावं. २०२४ चं वाइल्ड कार्ड तिला मिळालं होतं. स्पर्धेच्या तोंडावर गुडघ्याचा लिगामेंट फाटला आणि ते वाया गेलं. २०२५ मध्ये जागतिक क्रमवारीत ३६१ वी असताना पुन्हा मिळालं, आणि तिने तिसरी मानांकित जेसिका पेगुला व सहावी मानांकित मिरा आंद्रेएवा यांना हरवून उपांत्य फेरी गाठली. बक्षीस ६,९०,००० युरो, क्रमवारीत उडी थेट ६५ वर. अशी उदाहरणं विरळा आहेत. एरवी वाइल्ड कार्डवाला पहिल्या फेरीत हरतो आणि त्या धनादेशावर पुढचं वर्ष काढतो. दोन्हीत वावगं काही नाही.

लुका पुईचं प्रकरण जरा वेगळं. ऑस्ट्रेलियन ओपनची २०१९ ची उपांत्य फेरी खेळलेला, एके काळी जगात दहावा. २०२३ मध्ये सहाशेच्याही पुढे घसरलेला असताना पात्रतेच्या तीन फेऱ्या जिंकून मुख्य फेरीत आला आणि तिथेही एक सामना जिंकला.

प्रश्न : आठवड्याचं नियोजन प्रत्यक्षात कसं करतात? नाव कधी द्यावं लागतं?

उत्तर : आयटीएफ स्पर्धेसाठी, स्पर्धेच्या सोमवारच्या १८ दिवस आधीच्या गुरुवारी, ग्रिनिच वेळेनुसार दुपारी दोनपर्यंत. नाव मागे घ्यायची मुदत १३ दिवस आधीचा मंगळवार. एकाच आठवड्यातल्या अनेक स्पर्धांत पसंतीक्रम लावून नाव देता येतं, आणि शहाणे लोक ते देतातच.

म्हणजे आज खेळताना तिसऱ्या आठवड्याचा विचार डोक्यात हवा. फेब्रुवारीचं उदाहरण घ्या. फ्रान्समध्ये हिवाळ्यात इनडोअर चॅलेंजरची रांग असते, कँपेर, शेरबूर, लील अशी. चारशेवा खेळाडू चॅलेंजरला नाव देतो, त्याच आठवड्यातल्या एखाद्या एम २५ लाही देतो. मंगळवारी तो चॅलेंजरच्या पात्रता यादीबाहेर आठवा आहे. आता काय? आठ जण गळतील या आशेवर थांबायचं, की एम २५ च्या मुख्य फेरीतली पक्की जागा घ्यायची? इनडोअरच्या दिवसांत आणि फ्रान्ससारख्या जाण्या-येण्याला सोप्या ठिकाणी माघारी कमी होतात. म्हणून आठवा असेल तर एम २५. तिसरा-चौथा असेल तर थांबायला हरकत नाही. दूर, महागड्या प्रवासाच्या ठिकाणी चित्र उलटं असतं, तिथे पंधराव्या अल्टरनेटलाही आत बोलावलं जातं.

चुका कुठे होतात? सर्वांत जास्त होते ती मंगळवारची मुदत विसरण्यात. खेळाडू सामना खेळत असतो, फोन पिशवीत असतो, आणि संध्याकाळी कळतं की नको असलेल्या स्पर्धेत नाव पक्कं झालं. उशिरा माघार घेतली तर दंड, आणि माफ होणाऱ्या माघारी मोजक्याच. दुसरी चूक वारांची. चॅलेंजरची पात्रता फेरी २४ जणांची असते. रविवारी पहिला सामना, सोमवारी दुसरा, आणि दोन्ही जिंकणारे सहा जण मुख्य फेरीत. शनिवारी संध्याकाळपर्यंत दुसऱ्या गावी आयटीएफची उपांत्य फेरी खेळणारा रविवारी सकाळी अकराला कोर्टवर ताजातवाना उभा राहू शकत नाही. कागदावर हे दोन आठवडे छान जुळलेले दिसतात, पायांना विचारलं तर वेगळंच उत्तर येतं.

तिसरी चूक गुण ‘वाचवण्याची’. गुण ५२ आठवड्यांनी गळतात. गेल्या वर्षी रोदेझ या फ्रेंच गावी २५ गुण मिळवले म्हणून या वर्षीही रोदेझलाच जायचं, असा हट्ट धरला जातो. गुण कुठेही मिळवले तरी तेवढेच मोलाचे. कोर्टचा पृष्ठभाग बदलत असेल, किंवा त्या आठवड्याला वरच्या पातळीवर संधी असेल, तर जुनं गाव सोडून द्यावं.

प्रश्न : खालच्या पातळीवरचे खेळाडू स्वतःच गटिंग करतात हे खरं का? त्याने खेळात फरक पडतो?

उत्तर : बरेच जण करतात, आणि फरक नक्की पडतो.

एका रॅकेटला साधारण १२ मीटर तार लागते. २०० मीटरचं रीळ घेतलं तर १६ रॅकेट होतात, आणि सुट्या पाकिटांपेक्षा रीळ बरंच स्वस्त पडतं. पॉलिएस्टरची तार, जाडी बहुधा १.२५ मिलिमीटर. १६ उभ्या आणि १९ आडव्या तारांच्या रॅकेटला उभ्या २३ किलोवर आणि आडव्या २२ वर ओढणं हे नेहमीचं. उभ्या तारा मधून बाहेर घ्यायच्या, आडव्या वरून खाली. आडवी तार ओढण्यापूर्वी बोटाने सरळ करायची, नाहीतर घर्षणातच ताण खर्च होतो आणि मधला भाग ढिला लागतो.

पॉलिएस्टरचा ताण पहिल्या दिवसातच बराच उतरतो. म्हणून सामन्याच्या आदल्या संध्याकाळी किंवा त्याच सकाळी गटिंग करायचं, चार दिवस आधी करून ठेवायचं नाही. उन्हात उभ्या गाडीत रॅकेट राहिलं तर त्याच्यावर भरवसा ठेवू नये. एप्रिलच्या थंड, ओलसर मातीवर चेंडू जड होतो. तेव्हा एक किलो कमी. उंचावरच्या गावी चेंडू उडतो, तिथे एक किलो जास्त.

नवख्यांना चकवणारी बाब यंत्राची आहे. विजेवरचं यंत्र तार धरून ठेवताना सतत ओढत राहतं. हातमुठीचं यंत्र ठरलेल्या ताणावर पोचलं की कुलूप पडतं, आणि त्यापुढे तार सैलावते तशी सैलावू देतं. दोन्हींवर आकडा २३ च असतो, पण हातमुठीवरचं रॅकेट जवळपास एक किलोने ढिलं लागतं. स्पर्धेच्या ठिकाणी गटिंगला दिलेल्या रॅकेटने चेंडू अचानक बाहेर जायला लागले तर मनगटाला दोष देण्याआधी तिथलं यंत्र कोणतं आहे ते विचारावं. स्वतःचं छोटं यंत्र गाडीच्या डिकीत घेऊन फिरणाऱ्यांचा खरा फायदा हा आहे, पैशांची बचत त्यानंतर.

प्रश्न : लांबलेल्या दुखापतीनंतर क्रमवारी शून्यावर येते का?

उत्तर : गुण गळत जातात, पण ‘संरक्षित क्रमवारी’ मागता येते. किमान सहा महिने शारीरिक दुखापतीमुळे बाहेर असावं लागतं, आणि अर्ज शेवटच्या स्पर्धेपासून सहा महिन्यांच्या आत करायचा. दुखापतीच्या पहिल्या तीन महिन्यांतल्या क्रमवारीची सरासरी काढतात. बाहेरचा काळ वर्षाच्या आत असेल तर ती ९ स्पर्धांसाठी किंवा ९ महिने, जे आधी संपेल ते. वर्ष किंवा जास्त असेल तर १२ स्पर्धा किंवा १२ महिने. प्रवेशासाठी ती चालते, मानांकनासाठी नाही. ती एम १५ वर उधळू नये, तिथे कमी क्रमवारीवरही शिरकाव होतो. ग्रँड स्लॅमच्या पात्रता फेऱ्या आणि चॅलेंजरसाठी राखून ठेवावी.

प्रश्न : सामने ‘फिक्स’ करण्याचं आमिष याच थरात का?

उत्तर : कारण पहिल्या फेरीत हरण्याचे १५६ डॉलर, आणि एक गेम किंवा एक सेट सोडायला त्याच्या कित्येक पट देऊ करणारा कुणीतरी फोनवर. पैसे सामना हरायलाच मिळतात असं नाही. दुसऱ्या सेटमध्ये ठरलेला सर्व्हिस गेम गमवायचा, इतकंही पुरतं. तो गमावून सामना जिंकता येतो, म्हणून मन सहज फसतं. बेल्जियममधल्या तपासातून उघड झालेल्या अशाच एका जाळ्यात फ्रेंच खेळाडूही सापडले, आणि त्यांतल्या काहींवर आजन्म बंदी आली.

नियम कडक आहेत. टेनिसच्या कोणत्याही सामन्यावर पैज लावायची नाही, मग तो सामना आपला असो वा नसो. कुणी आमिष दाखवलं तर इंटरनॅशनल टेनिस इंटेग्रिटी एजन्सीला कळवायचं. नकार दिला पण कळवलं नाही, तरी तो गुन्हाच. तपासात फोन मागितला तर द्यावा लागतो. कॉन्स्टाँ लेस्तिएनने टेनिस सामन्यांवर पैजा लावल्या, २०१६ मध्ये त्याचं रोलाँ गॅरोचं वाइल्ड कार्ड गेलं आणि निलंबनही झालं. पुढे तो परतला आणि २०२३ मध्ये क्रमवारीत ४८ वर पोचला.

प्रश्न : माझा भाचा फ्रान्समध्ये शिकतो, वय सतरा. तिथल्या क्रमवारीत तो उणे २/६ आहे. त्याने शाळेनंतर थेट टूरवर जावं की अमेरिकेत कॉलेज टेनिस खेळावं?

उत्तर : सतराव्या वर्षी उणे २/६ म्हणजे मुलगा गुणी आहे, पण महासंघाच्या राष्ट्रीय केंद्रांची मुलं याच वयात बहुधा त्याच्या पुढे असतात. अशा मुलाला कॉलेज हा चांगला मार्ग आहे. चार वर्षं कोर्ट, प्रशिक्षक, फिजिओ आणि दर आठवड्याला चुरशीचे सामने, तेही शिष्यवृत्तीवर. आर्तुर रिंडरक्नेश टेक्सास ए अँड एम विद्यापीठात खेळला, २०१८ मध्ये बाहेर पडला, २०२१ मध्ये पहिल्या शंभरात आला आणि २०२५ मध्ये शांघाय मास्टर्सची अंतिम फेरी खेळला. सुट्टीत फ्रान्समध्ये येऊन एम २५ खेळता येतात, क्लबसाठीही उतरता येतं. मात्र क्लबाकडून मोबदला घेण्यापूर्वी विद्यापीठाच्या नियमाधिकाऱ्याला लेखी विचारावं. तिथे चूक झाली तर पात्रता धोक्यात येते.

प्रश्न : कर कसा भरतात?

उत्तर : फ्रान्समध्ये राहणाऱ्या खेळाडूचं बक्षीस सहसा स्वतंत्र व्यावसायिकाचं उत्पन्न धरलं जातं. सोप्या ‘मायक्रो’ पद्धतीत खर्चापोटी सरसकट ३४ टक्के वजावट मिळते. फिरत्या खेळाडूचा खरा खर्च त्याहून खूप जास्त असतो, म्हणून प्रत्यक्ष खर्चाची पद्धत बहुधा फायद्याची. अर्थात त्यासाठी प्रत्येक तिकीट, हॉटेलचं बिल आणि तारेच्या रिळाची पावती जपावी लागते. परदेशात कापलेल्या कराचं प्रमाणपत्र स्पर्धा सुटण्यापूर्वीच मागून घ्यावं, नंतर ते मिळवताना दमछाक होते. एखाद्या वर्षी अचानक मोठं बक्षीस लागलं तर करसंहितेतल्या १०० बिस कलमाखाली तीन किंवा पाच वर्षांच्या सरासरीवर कर भरण्याचा पर्याय आहे. खेळाडूंच्या चढ-उताराच्या कमाईला तो अगदी चपखल बसतो.

प्रश्न : थांबायचं कधी? तीस वर्षांचा झाला आणि अजून चारशेवा, तर त्याने काय करावं?

उत्तर : वयावरून ठरवू नये. मोंतार्जीचा स्तेफान रोबेर २०११ मध्ये रोलाँ गॅरोला पात्रता फेरीतून आला आणि सहावा मानांकित टोमास बर्डिखला दोन सेटची पिछाडी भरून काढत हरवलं, पाचवा सेट ९-७. २०१४ च्या ऑस्ट्रेलियन ओपनमध्ये ‘लकी लूजर’ म्हणून (पात्रता फेरीत हरूनही दुसऱ्याच्या माघारीमुळे जागा मिळालेला) शिरला आणि चौथ्या फेरीपर्यंत गेला. क्रमवारीतलं सर्वोच्च स्थान, ५० वं, त्याला २०१६ मध्ये मिळालं, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी.

पण तो सर्वसाधारण नियम नव्हे. बघायच्या गोष्टी तीन. गेल्या दोन वर्षांत चॅलेंजरच्या पात्रता फेऱ्यांत सामने जिंकले जात आहेत का? क्लबाचा मोबदला आणि देशांतर्गत बक्षिसं धरूनही वर्षअखेर कर्ज वाढतंय का? आणि दर हंगामात सलग दहा-बारा आठवडे शरीर साथ देतं का? तीनपैकी दोन उत्तरं प्रतिकूल असली तर पूर्णवेळ टूर सोडून क्लबाकडे वळावं.

त्यासाठीची तयारी मात्र खेळत असतानाच सुरू करावी. फ्रान्समध्ये पैसे घेऊन टेनिस शिकवायला अधिकृत पदविका लागते, केवळ क्रमवारीवर कुणी शिकवू देत नाही. पूर्ण पात्रतेची पदविका म्हणजे टेनिसची डीई-जेप्स. तिचं प्रशिक्षण क्लबातल्या प्रत्यक्ष कामासह चालतं. मर्यादित शिकवण्यापुरतं सीक्यूपी प्रमाणपत्र असतं. क्लबाबरोबर शेवटच्या दोन-तीन हंगामांचा आंतरक्लब करार करतानाच पदविकेच्या प्रशिक्षणाची जागा आणि खर्च त्यात लिहून घ्यावा. क्लबाला पहिल्या क्रमांकाचा खेळाडू हवा असतो तेव्हा तो या अटीला मान देतो. खेळाडू निवृत्त झाल्यावर तोच क्लब तीच मागणी पुढच्या वर्षीच्या अंदाजपत्रकावर ढकलतो.